फुटबॉलचा वस्ताद : हैदराबादचे रहीमसाहेब आणि पोलंडचे गुर्स्की



आजवर या मालिकेत आपण मुक्तिसंग्रामावर बोललो, शेतसाऱ्यावर बोललो, गोदावरीकाठच्या रेल्वेवर बोललो. आज विषय आहे फुटबॉल. विषय जाहीर झाल्यावर काही जणांनी विचारलं की इतिहासाच्या व्याख्यानात फुटबॉल कशाला? आणि तेही नांदेड-लातूरच्या श्रोत्यांसमोर? इथं कुस्ती आहे, कबड्डी आहे, खो-खो आहे, क्रिकेट तर घरोघर आहे. फुटबॉल म्हटलं की कोल्हापूर, मुंबई, गोवा, फार तर कोलकाता. आपला काय संबंध?

संबंध आहे. 1 नोव्हेंबर 1956 पर्यंत नांदेड आणि लातूर ज्या राज्यात होतं, त्याच हैदराबाद राज्यानं भारताला फुटबॉलचा सगळ्यात मोठा प्रशिक्षक दिला. सय्यद अब्दुल रहीम त्यांचं नाव. 2024 साली त्यांच्यावर 'मैदान' नावाचा हिंदी चित्रपट आला, अजय देवगणनं त्यांची भूमिका केली, म्हणून आज निदान नाव तरी कानावर आहे. त्याआधी मराठवाड्यात किती जणांना हे नाव माहीत होतं? आपल्याच जुन्या राज्यातला एवढा मोठा माणूस आपल्या आठवणीत का नाही? हा आजचा पहिला प्रश्न.

दुसरा प्रश्न जरा व्यापक आहे. फुटबॉलमध्ये अकरा जण खेळतात. गोल करणारा वेगळा, अडवणारा वेगळा. मग बाहेर बाकावर बसलेला हा मॅनेजर नेमकं काय करतो? त्याच्यामुळे इतिहास बदलतो का? हे समजून घ्यायला आम्ही रहीमसाहेबांच्या जोडीला एक पोलिश माणूस घेतला आहे, काझिमिएश गुर्स्की. दोघांची भेट झालेली नाही. पण एकाशेजारी दुसऱ्याला ठेवलं की दोघंही जास्त नीट दिसतात.

वस्ताद म्हणजे कोण

आधी शब्दाचा घोळ मिटवू. आपल्याकडे संघाचा मॅनेजर म्हणजे तिकिटं काढणारा, हॉटेल बघणारा, खर्चाचा हिशेब ठेवणारा. इंग्लंडमध्ये फुटबॉलचा मॅनेजर म्हणजे संघ निवडणारा, डाव ठरवणारा, खेळाडू घडवणारा आणि हरल्यावर शिव्या खाणारा. आपल्या भाषेत याला नेमका शब्द आहे, वस्ताद.

लातूर जिल्ह्याला हा शब्द समजावून सांगायची गरज नाही. निलंगा तालुक्यातल्या रामलिंग मुदगडचे हरिश्चंद्र बिराजदार, म्हणजे आपले बिराजदार मामा, महाराष्ट्र केसरी झाले, रुस्तम-ए-हिंद झाले. पण त्यांचं मोठेपण तिथं संपत नाही. पुण्याच्या गोकुळ वस्ताद तालमीत त्यांनी पोरं घडवली. बीड जिल्ह्यातला राहुल आवारे त्यांच्याच हाताखाली शिकला आणि 2018 साली राष्ट्रकुल स्पर्धेत त्यानं सुवर्णपदक जिंकलं. तेव्हा मामांना जाऊन सात वर्षं झाली होती. बघा, वस्तादाचं काम असं असतं. तो निघून गेल्यावरही त्याची कुस्ती चालू राहते.

फुटबॉलमध्ये हा अधिकार वस्तादाला सहज मिळाला नाही. इंग्लंडात सुरुवातीला संघ निवडायचे ते क्लबचे संचालक, म्हणजे गावातले व्यापारी, कारखानदार. मॅनेजर हा निम्मा कारकूनच. ही रीत मोडणाऱ्यांत मोठं नाव हर्बर्ट चॅपमन यांचं. आधी हडर्सफील्ड आणि 1925 पासून आर्सेनल या क्लबमध्ये त्यांनी निवड आणि डावपेच स्वतःच्या हाती घेतले. त्याच वर्षी ऑफसाइडचा नियम बदलला होता. बदललेल्या नियमाचा उपयोग करायचा तर सगळ्या संघाची मांडणीच बदलावी लागते, आणि ती मांडणी एका डोक्यातून यावी लागते, हे त्यांनी दाखवून दिलं.

पण देशाच्या संघाचं काय? इंग्लंडच्या राष्ट्रीय संघाला 1946 साली वॉल्टर विंटरबॉटम हे मॅनेजर मिळाले, तरी खेळाडू निवडायची ती समितीच. 1963 मध्ये आल्फ रॅम्सी आले, त्यांनी निवडीचा पूर्ण अधिकार मागून घेतला आणि तीन वर्षांत इंग्लंडनं विश्वचषक जिंकला. हे 1963 साल लक्षात ठेवा. आपले रहीमसाहेब त्याच वर्षी गेले. म्हणजे ज्या काळात खुद्द इंग्लंडलाही वस्ताद ही गोष्ट पूर्ण पटलेली नव्हती, त्या काळात हैदराबादचा एक शाळामास्तर ते काम करत होता.

मास्तर रहीम

होय, शाळामास्तर. रहीमसाहेबांचा जन्म 1909 सालचा, हैदराबाद शहरातला. उस्मानिया विद्यापीठातून ते पदवीधर झाले. या विद्यापीठात उच्च शिक्षण उर्दूतून होतं. विद्यार्थी असताना ते विद्यापीठाकडून फुटबॉल खेळले. पुढे काचीगुडा, चादरघाट अशा भागांतल्या शाळांमध्ये शिक्षक झाले, आणि मग शारीरिक शिक्षणाची पदविका घेऊन खेळाकडे वळले. खेळाडू म्हणून त्यांचं नाव गाजलं नाही. ते गाजले शिकवण्यामुळे.

1940 च्या दशकात ते हैदराबाद फुटबॉल असोसिएशनचे सचिव झाले आणि हैदराबाद सिटी पोलीस या संघाला शिकवू लागले. त्या काळचा भारतीय फुटबॉल कसा होता? बरेच खेळाडू अनवाणी खेळायचे. चेंडू मिळाला की एकट्यानं पळवत न्यायचा, दोघा-तिघांना चुकवायचं, लोकांनी टाळ्या वाजवायच्या. रहीमसाहेबांना हे मान्य नव्हतं. त्यांचं म्हणणं असं की चेंडू माणसापेक्षा जलद पळतो, मग माणसानं कशाला पळायचं, चेंडूला पळवा.

त्यासाठी त्यांनी काय केलं, हे ऐकण्यासारखं आहे. त्यांनी अशा स्पर्धा भरवल्या की ज्यात चेंडू घेऊन ड्रिबलिंग करायलाच मनाई. चेंडू आला की लगेच दुसऱ्याला द्यायचा. काही सामने असे की दुबळ्या पायानंच खेळायचं. उजव्या पायानं खेळणाऱ्यानं डाव्यानं खेळायचं. सुरुवातीला पोरं धडपडत असणार, बघणारे हसत असणार. पण काही महिन्यांनी त्या पोराला दोन पाय मिळतात. हा शाळामास्तराचा विचार आहे. नुसतं 'डावा पाय सुधार' असं सांगून होत नाही, डावा पाय वापरल्याशिवाय गत्यंतर नाही अशी परिस्थिती निर्माण करावी लागते. वर्गात शिकवणारे जे कोणी हे ऐकत असतील, त्यांना हे लगेच कळेल.

याचं फळ 1950 पासून दिसू लागलं. मुंबईत कूपरेजच्या मैदानावर रोव्हर्स कप व्हायचा, देशातल्या मोठ्या स्पर्धांपैकी एक. 1950 ते 1954 अशी सलग पाच वर्षं तो हैदराबाद सिटी पोलिसांनी जिंकला. 1950 मध्येच त्यांनी ड्युरँड कपही नेला. कोलकात्याचे मोठे क्लब मागे पडले आणि पोलीस खात्यात नोकरी करणारे शिपाई-जमादार देशाचे विजेते झाले.

पोलीस या शब्दाची आठवण

आता थोडं थांबू. कारण इथं आपल्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर दडलेलं आहे.

1950 साली हैदराबादच्या पोलिसांनी कप जिंकला ही बातमी मुंबईत कौतुकाची होती. पण नांदेडला, उदगीरला, औशाला 'हैदराबादचे पोलीस' हे शब्द कसे ऐकू येत असतील? 17 सप्टेंबर 1948 ला निजामी राजवट संपली, त्याला दोनच वर्षं झाली होती. रझाकारांचा म्होरक्या कासिम रझवी हा लातुरात वकिली करणारा माणूस. गावं जळालेली, माणसं सरहद्दीपलीकडे पळालेली, तुरुंगातून सुटून आलेली. आणि पोलीस कारवाईनंतर मुसलमान वस्त्यांवर जे गुदरलं, तेही याच भूमीवर गुदरलं. ती जखमही तेवढीच खरी. पोलीस हा शब्द दोन्ही बाजूंना भीतीचा होता.

फुटबॉल खेळणाऱ्या शिपायांचा या सगळ्यात दोष होता असं आमचं म्हणणं नाही. सांगायचं एवढंच की आठवण ही खात्याखात्यानं वेगळी होत नाही. ज्या नावाशी दहशत जोडली गेली, त्या नावाचा विजय आपला वाटत नाही.

दुसरं कारण भाषेचं. हैदराबाद शहरातला हा सगळा फुटबॉल उर्दूत, तेलुगूत, तमिळमध्ये आणि छावणीतल्या इंग्रजीत घडत होता. त्याचं वर्णन मराठी वाचकापर्यंत फारसं पोचलं नाही. तिसरं कारण जागेचं. फुटबॉल वाढतो तो छावणी, रेल्वे, कारखाना, मोठं खातं यांच्या आधारानं. सिकंदराबादला ब्रिटिश छावणी होती. आपल्याकडे मनमाड-सिकंदराबाद ही मीटरगेज लाइन होती, नांदेड तिच्यावर होतं. लातूरला बार्शी लाइटची छोटी गाडी यायची. पण गाडी होती म्हणून मैदान येतं असं नाही. राजधानीत खेळ वाढला, जिल्ह्यांत झिरपला नाही. शाळा, कॉलेज, दवाखाना, खेळ या सगळ्यांची निजामी राज्यात तीच गत होती. फुटबॉल त्याला अपवाद नव्हता.

आणि चौथं कारण 1956 चं. हैदराबाद राज्याचे तीन तुकडे झाले. औरंगाबाद, परभणी, नांदेड, बीड, उस्मानाबाद हे पाच मराठी जिल्हे द्वैभाषिक मुंबई राज्यात गेले. लातूर तेव्हा उस्मानाबाद जिल्ह्यातला तालुका होता. भाषेचं राज्य ही लोकांची मागणी होती आणि ती रास्त होती. पण नवीन नकाशा झाला की जुन्या नकाशातली माणसं परकी होतात. रहीमसाहेब आंध्रचे झाले.

मेलबर्न ते जकार्ता

गंमत बघा. 1 नोव्हेंबर 1956 ला मराठवाडा हैदराबादेतून बाहेर पडला आणि बरोबर एक महिन्यानं, 1 डिसेंबरला, मेलबर्न ऑलिंपिकमध्ये भारतानं यजमान ऑस्ट्रेलियाला 4-2 नं हरवलं. प्रशिक्षक रहीमसाहेब. संघात अझीझुद्दीन, नूर महंमद, अहमद हुसेन, झुल्फिकारुद्दीन, तुलसीदास बलराम असे कितीतरी हैदराबाद-सिकंदराबादचे. आणि तीन गोल करणारा नेव्हिल डिसोझा हा गोव्याच्या घराण्यातला, मुंबईत टाटांकडून खेळणारा. ऑलिंपिक फुटबॉलमध्ये हॅटट्रिक करणारा तो पहिला आशियाई खेळाडू.

इथवर पोचायला काय लागलं होतं? 1951 साली दिल्लीच्या पहिल्या आशियाई स्पर्धेत भारतानं इराणला 1-0 हरवून सुवर्ण मिळवलं, तेव्हाही रहीमसाहेबच होते. पुढच्याच वर्षी हेलसिंकीच्या थंडीत युगोस्लाव्हियाकडून 10-1 असा सपाटून मार खाल्ला. त्या पराभवानंतर बूट घालून खेळणं सक्तीचं झालं. वस्तादाची परीक्षा इथं असते. दहा गोल खाऊन आलेला माणूस दोन गोष्टी करू शकतो. नशिबाला दोष देतो, नाहीतर वही उघडतो.

त्या सुमाराला युरोपात हंगेरीचा संघ गाजत होता. 1953 मध्ये त्यांनी वेम्ब्लीवर इंग्लंडला 6-3 नं हरवलं. त्यांची युक्ती अशी की सर्वांत पुढे राहायचा तो खेळाडू मुद्दाम मागे यायचा. त्याला अडवणारा गोंधळायचा, त्याच्यामागे जावं की जागेवर थांबावं? तो गेला की मागे भोक पडायचं. रहीमसाहेबांनी असे नवे विचार आपल्या खेळाडूंना झेपतील अशा रीतीनं बसवले. मागे चार, मधे दोन, पुढे चार अशी 4-2-4 मांडणी त्यांनी भारतात रुजवली. 1958 मध्ये ब्राझीलनं विश्वचषक जिंकल्यावर ही मांडणी जगभर प्रसिद्ध झाली.

मेलबर्नला उपांत्य फेरीत पुन्हा युगोस्लाव्हियाच समोर आला. नेव्हिलनं आधी गोल करून भारताला पुढेही नेलं. शेवटी 4-1 नं हरलो. तिसऱ्या क्रमांकाच्या सामन्यात बल्गेरियानं 3-0 नं हरवलं. चौथा क्रमांक. ऑलिंपिक फुटबॉलमध्ये भारत यापुढे कधी गेला नाही.

1960 च्या रोम ऑलिंपिकमधली एक गोष्ट आम्हाला फार महत्त्वाची वाटते. संघात रहीमसाहेबांचा स्वतःचा मुलगा होता, एस. एस. हकीम. संघात होता, पण एकाही सामन्यात त्याला खेळवलं नाही. हंगेरीकडून 2-1 नं हरलो, फ्रान्सशी 1-1 बरोबरी झाली, पेरूकडून 3-1 नं हरलो, हकीम बाकावरच. घरात मुलगा, मैदानावर फक्त एक खेळाडू. आपल्याकडे निवड समित्यांत प्रांताप्रांताची ओढाताण नेहमीची होती, अशा काळात हे वागणं बोलकं आहे. हकीम पुढे आंतरराष्ट्रीय पंच झाले, मुंबईच्या महिंद्र संघाचे प्रशिक्षकही झाले.

आणि मग 1962, जकार्ता. रहीमसाहेब आजारी होते, फुप्फुसाचा कर्करोग होता. पहिल्याच सामन्यात दक्षिण कोरियानं 2-0 नं हरवलं. थायलंडला 4-1 नं हरवलं, पण त्या सामन्यात बचावाचा खांब जर्नेल सिंग याचं डोकं फुटलं, टाके पडले. जपानला 2-0 नं हरवून भारत उपांत्य फेरीत गेला. आता टाके पडलेल्या माणसाला बचावात उभं करायचं कसं? सतत हेडर मारावे लागणार. आपण असतो तर त्याला बसवलं असतं. रहीमसाहेबांनी त्याला पुढे आणलं, सेंटर फॉरवर्ड म्हणून! उपांत्य सामन्यात दक्षिण व्हिएतनामविरुद्ध त्यानं गोल केला, भारत 3-2 नं जिंकला.

अंतिम सामना 4 सप्टेंबरला, पुन्हा दक्षिण कोरियाशी. इंडोनेशियानं इस्राएल आणि तैवानच्या खेळाडूंना येऊ दिलं नव्हतं, त्यावर भारताचे जी. डी. सोंधी यांनी आक्षेप घेतला होता. म्हणून जकार्तात भारताविरुद्ध संताप होता आणि लाखाच्या घरातलं प्रेक्षागृह आपल्या विरोधात ओरडत होतं. पहिल्या वीस मिनिटांत पी. के. बॅनर्जीनं एक आणि त्याच जर्नेलनं दुसरा गोल केला. 2-1 नं सुवर्णपदक. कर्णधार चुनी गोस्वामी, मधल्या फळीत मुंबईत टाटांकडून खेळणारा गोव्याचा फॉर्च्युनाटो फ्रँको, गोलात पीटर थंगराज. पंजाब, बंगाल, हैदराबाद, गोवा, मद्रास असे सगळे एका डोक्यानं चालत होते.

पुढच्या जूनमध्ये, 1963 साली, रहीमसाहेब गेले. वय अवघं 53.

वळिवडे, ल्वुफ आणि गुर्स्की

आता पोलंडकडे जाऊ. वाट आपल्या महाराष्ट्रातूनच जाते. कोल्हापूरजवळ वळिवडे गावी 1943 ते 1948 या काळात सुमारे पाच हजार पोलिश निर्वासित राहत होते. दुसऱ्या महायुद्धाच्या सुरुवातीला सोव्हिएत फौजांनी पोलंडचा पूर्व भाग घेतला आणि तिथल्या माणसांना सैबेरियाकडे हाकललं. त्यांतली काही इराणमार्गे आपल्याकडे पोचली. त्या पूर्व भागातलं मोठं शहर ल्वुफ. युद्धानंतर ते सोव्हिएत युनियनमध्ये गेलं, आज युक्रेनमध्ये आहे, नाव ल्विव.

काझिमिएश गुर्स्की या ल्वुफचे. जन्म 1921 चा. ऐन खेळायच्या वयात युद्ध आलं, शहरावर आधी सोव्हिएत, मग जर्मन, मग पुन्हा सोव्हिएत. युद्ध संपता संपता ते पोलिश फौजेबरोबर बाहेर पडले आणि वॉर्सातल्या लेगिया क्लबकडून खेळू लागले. लेगिया हा लष्कराचा क्लब. म्हणजे इकडे पोलिसांचा संघ, तिकडे फौजेचा. खेळाडूला पोटापाण्यासाठी सरकारी खात्याचा आधार, हे दोन्हीकडे सारखंच.

आणि खेळाडू म्हणून गुर्स्कींची राष्ट्रीय कारकीर्द? एक सामना. 1948 साली कोपनहेगनला डेन्मार्कविरुद्ध. पोलंड 8-0 नं हरलं, आणि गुर्स्कींना तर सामना अर्धा होण्याआधीच बाहेर बोलावलं. संपलं. त्यानंतर पोलंडचा शर्ट त्यांनी घातला नाही.

आता विचार करा. देशासाठी अर्धा तास खेळलेला हा माणूस 1970 च्या अखेरीला पोलंडचा मुख्य प्रशिक्षक झाला. 1972 ला म्युनिक ऑलिंपिकचं सुवर्ण, अंतिम सामन्यात हंगेरीवर 2-1, दोन्ही गोल काझिमिएश देयनाचे. 1973 च्या ऑक्टोबरमध्ये वेम्ब्लीवर इंग्लंडशी 1-1 बरोबरी, आणि त्या एका निकालानं इंग्लंड 1974 च्या विश्वचषकाबाहेर. तेव्हा त्यांचा सर्वांत मोठा खेळाडू लुबान्स्की आधीच्या सामन्यात जायबंदी झालेला होता. जर्नेलचं डोकं आठवतंय ना? तोच पेच. गुर्स्कींनी दुसऱ्या खेळाडूंना पुढे केलं. विश्वचषकात त्यांच्या संघानं अर्जेंटिनाला हरवलं, इटलीला हरवलं, फ्रँकफर्टच्या चिखलात पश्चिम जर्मनीकडून 1-0 नं हरले आणि ब्राझीलला हरवून तिसरे आले. ग्झेगोश लातोनं सात गोल केले, स्पर्धेत सर्वाधिक. 1976 ला मॉंट्रियलला ऑलिंपिकचं रौप्य मिळालं आणि मग गुर्स्की पद सोडून ग्रीसमध्ये शिकवायला गेले.

मोठा खेळाडूच मोठा वस्ताद होतो असं नाही. उलट ज्याला अंगच्या देणगीनं सगळं सहज जमलं नाही, तो प्रत्येक गोष्ट का जमते आणि का जमत नाही याचा विचार करतो. रहीम आणि गुर्स्की दोघांचं हेच आहे. दोघांनीही मोठ्या फरकानं हरणं पाहिलं होतं, एकानं 10-1, दुसऱ्यानं 8-0. आणि दोघांचीही जन्मभूमी नकाशावर फिरली. गुर्स्कींचं शहर दुसऱ्या देशात गेलं, रहीमसाहेबांचं राज्यच संपलं.

मग फरक कुठे पडला?

इथं आपल्याला नीट बघायला हवं, कारण इतिहासाचा धडा साम्यापेक्षा फरकात असतो.

गुर्स्की गेल्यावर त्यांच्या हाताखाली काम केलेले यात्सेक ग्मोख संघाचे प्रशिक्षक झाले. त्यांच्यानंतर काही काळानं आंतोनी पिएखनिचेक आले आणि 1982 च्या विश्वचषकात पोलंड पुन्हा तिसरं आलं. 1984 साली कोलकात्याला नेहरू चषक खेळायला पोलंडचा संघ आला आणि चषक घेऊन गेला. म्हणजे पदावरची माणसं बदलली, पण पद टिकलं. प्रशिक्षक घडवणाऱ्या शारीरिक शिक्षणाच्या संस्था होत्या, खाणी-कारखान्यांचे क्लब होते, पुढचा माणूस तयार होता. आज वॉर्साच्या राष्ट्रीय मैदानाला गुर्स्कींचं नाव आहे.

आपल्याकडे? 1964 मध्ये आशिया चषकात भारत दुसरा आला, 1970 च्या आशियाई स्पर्धेत कांस्य मिळालं. कर्णधार हैदराबादचाच, सय्यद नईमुद्दीन. पण हे सगळं रहीमसाहेबांनी भरलेल्या कणगीतलं धान्य होतं. त्यानंतर आशियाई स्पर्धेत फुटबॉलचं पदक नाही. हैदराबादचे चांगले खेळाडू कोलकात्याला जात राहिले, बलराम गेला, नईम गेला, हबीब गेला. पोलिसांचा तो संघ आधी आंध्र पोलीस झाला आणि हळूहळू मागे पडला. वस्तादांसाठीचा द्रोणाचार्य पुरस्कार 1985 साली सुरू झाला. तेव्हा रहीमसाहेबांना जाऊन 22 वर्षं झाली होती.

आमच्या मते कारण हे. आपण रहीमसाहेबांकडे चमत्कार म्हणून पाहिलं, पद म्हणून नाही. चमत्कार माणसाबरोबर जातो. पद असेल तर उद्या दुसरा माणूस तिथं बसतो, वही उघडतो, आधीच्यानं काय लिहिलंय ते वाचतो. तालमीत हे आपोआप होतं. एक वस्ताद गेला की त्याचा पठ्ठा लाल मातीत उभा राहतो, कारण तालीम ही संस्था आहे, तिची रीत आहे. हैदराबादच्या फुटबॉलला एक अलौकिक वस्ताद मिळाला, पण तालीम झाली नाही.

आता हे नांदेड-लातूरला का सांगायचं? कारण आपल्याकडे शाळेत पी. टी. चे सर म्हणजे प्रार्थनेला शिट्टी वाजवणारे, मोकळा तास सांभाळणारे, अशीच समजूत आहे. रहीमसाहेब असेच शाळेतले सर होते. आपल्या दोन जिल्ह्यांत आज शेकडो शाळा आहेत, शिकवणी वर्गांसाठी लातूर आणि नांदेड राज्यभर माहीत आहे, बाहेरून हजारो मुलं इथं येतात. शिकवण्याची किंमत आपल्याला कळते, हे तर उघड आहे. ती किंमत मैदानावरच्या शिक्षकालाही द्यावी, एवढंच. जिल्ह्याच्या क्रीडा इतिहासात पदक मिळवणाऱ्याचं नाव लिहितो, तिथं शेजारी शिकवणाऱ्याचंही नाव लिहावं. तो कसा शिकवायचा, हेही लिहावं.

आणि रहीमसाहेबांबद्दल शेवटचं. 17 सप्टेंबर आपण साजरा करतो, करायलाच हवा. ज्या राजवटीविरुद्ध आपण लढलो ती वाईट होती. पण त्या राज्यात राहणारी सगळी माणसं म्हणजे ती राजवट नव्हे. त्यातच काचीगुड्याचा एक मास्तर होता, जो पोरांना डाव्या पायानं खेळायला लावत होता. राज्य 1956 ला वाटून घेतलं, त्याबरोबर ही माणसंही वाटली गेली. ती परत मागायला कुणाची परवानगी लागत नाही. ती आपलीही आहेत.